हेडसेटची डीएलएल सापडत नाही, तेव्हा ती नक्की कुणाची असते?

मॅडम, प्रश्न लांबलचक आहे, म्हणून आधी तो थोडक्यात मांडतो, म्हणजे मागून वाचणाऱ्यांनाही संदर्भ लागेल. सांगलीतल्या तुमच्या पॉलिटेक्निकमधल्या शेवटच्या वर्षाच्या मुलांनी वेल्डिंग शिकवणारा व्हीआर (आभासी वास्तव) प्रोजेक्ट युनिटी या गेम बनवायच्या सॉफ्टवेअरमध्ये केला. ज्याने केला त्याच्या लॅपटॉपवर तो मेटा कंपनीच्या क्वेस्ट २ हेडसेटमध्ये व्यवस्थित चालतो. पेनड्राइव्हवरून लॅबच्या पीसीवर आणला तर ‘युनिटीप्लेअर डीएलएल सापडली नाही’ असा मेसेज आला (डीएलएल म्हणजे प्रोग्रामला चालायला लागणारी जोडफाइल). कुणीतरी ती फाइल एका साइटवरून उतरवून विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरात टाकली, तर ७बी ने संपणारा लांबलचक एरर यायला लागला. मग मुलांनी अख्खा फोल्डर आणला. आता प्रोजेक्ट उघडतो, पण फक्त मॉनिटरवर. हेडसेटमध्ये काही नाही. त्याच पीसीवर, त्याच हेडसेटमध्ये स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानातले गेम मात्र चालतात. आणि तुमचं विचारणं असं, की व्हीआरला लागणाऱ्या सगळ्या डीएलएल एकत्र मिळतील असा एखादा पॅक आहे का.

असा पॅक नाही. कुणी ‘आहे’ म्हणून हातात ठेवला तरी घेऊ नका. कुपवाड आणि मिरज एमआयडीसीत ट्रेनिंगसाठी हेडसेट बसवून द्यायचं काम मी करतो. तिथेही पहिली मागणी हीच असते, ‘ती फाइल तेवढी द्या.’ व्हीआरची कुठलीही डीएलएल एकटी फिरत नाही. ती एकतर प्रोजेक्टबरोबर येते, नाहीतर हेडसेटच्या सॉफ्टवेअरबरोबर, नाहीतर विंडोजच्या एखाद्या पॅकेजबरोबर. मेसेजमध्ये फाइलीचं नाव दिसलं की पहिला प्रश्न हा: ही या तिघांपैकी कुणाची? मालक कळला की दुरुस्ती त्याच्याकडूनच होते, आणि ती बहुतेक वेळा फुकट होते.

तुमचा पहिला एरर घ्या. युनिटीप्लेअर डीएलएल ही प्रोजेक्टची फाइल. युनिटीमधून विंडोजसाठी बिल्ड (चालवायची तयार प्रत) काढला की एक ईएक्सई, म्हणजे प्रोग्राम सुरू करणारी फाइल, बनते, तिच्या शेजारी युनिटीप्लेअर डीएलएल येते आणि प्रोजेक्टच्या नावापुढे ‘डेटा’ लागलेला एक फोल्डर येतो. कोड बांधायच्या दोन पद्धतींपैकी मोनोवर बिल्ड असेल तर ‘मोनोब्लीडिंगएज’ नावाचा फोल्डर, आणि आयएल२सीपीपीवर असेल तर ‘गेमअसेंब्ली’ नावाची डीएलएल. मुलं काय करतात, ईएक्सईचं चित्र दिसलं की तेवढीच उचलतात आणि पेनड्राइव्हवर टाकतात. ती ईएक्सई म्हणजे नुसतं दार. घर बाकीच्या फोल्डरात. स्वतःच्या लॅपटॉपवर चालायचं कारण एवढंच, की तिथे सगळं जागेवर होतं.

दुसरी गोष्ट, युनिटीप्लेअर डीएलएल ज्या युनिटी आवृत्तीने बिल्ड काढला त्याच आवृत्तीची लागते. साइटवरून मिळालेली फाइल कुठल्या आवृत्तीची, हे ती साइटही सांगत नाही. तेव्हा ती फाइल ‘चांगली’ असती तरी उपयोग झाला नसता. व्हायरसचा मुद्दा तर वेगळाच. या साइटी फाइलीबरोबर ‘डीएलएल फिक्सर’ गळ्यात मारतात, तो पीसी स्कॅन करून दोनशे चुका दाखवतो आणि मग कार्ड नंबर मागतो.

आता तो ७बी वाला एरर. त्याचा अर्थ साधारणपणे असा, की ६४ बिटच्या प्रोग्रामला ३२ बिटची फाइल मिळाली, किंवा उलट. इथे विंडोजने नावांचा घोळ घालून ठेवला आहे. ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ या फोल्डरात ६४ बिटच्या फायली असतात आणि ३२ बिटच्या फायली सिसवॉव६४ मध्ये. नाव बघून अंदाज बांधला की हमखास उलटा पडतो. तुमच्याकडे ३२ बिटची युनिटीप्लेअर सिस्टम३२ मध्ये जाऊन बसली असणार.

ती आज काढून टाका. अख्खा फोल्डर आणल्यावर एरर गेला, कारण विंडोज डीएलएल शोधताना आधी ईएक्सईच्या स्वतःच्या फोल्डरात बघतं आणि मगच सिस्टम३२ मध्ये. म्हणजे सिस्टम३२ मधली चुकीची फाइल अजून तिथेच आहे, फक्त तिच्यापर्यंत पाळी येत नाही. पुढच्या वर्षीच्या बॅचने पुन्हा नुसती ईएक्सई आणली की हाच एरर परत उभा राहील आणि तेव्हा कुणालाच आठवणार नाही की ही फाइल टाकली कुणी. काढल्यावर विंडोजच्या डिफेंडर अँटिव्हायरसने पूर्ण स्कॅन करून घ्या. ‘रेगएसव्हीआर३२’ ने डीएलएल रजिस्टर करा असा सल्ला कुणी दिला तर सोडून द्या. तो विंडोजमध्ये नोंद करावी लागणाऱ्या कॉम प्रकारच्या फायलींसाठी आहे. या फायलींवर चालवला तर ‘एन्ट्री पॉइंट सापडला नाही’ एवढंच सांगतो. ‘एसएफसी स्कॅननाऊ’ चंही तसंच. ते विंडोजच्या स्वतःच्या फायली दुरुस्त करतं. युनिटीची किंवा हेडसेटची फाइल त्याच्या खिजगणतीत नाही.

मेसेजमध्ये ‘व्हीसीरनटाइम१४०’ किंवा ‘एमएसव्हीसीपी१४०’ असं नाव आलं असतं तर ती तिसऱ्या मालकाची, म्हणजे मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल या पॅकेजची. ते मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून एक्स८६ आणि एक्स६४ दोन्ही घालायचं. शेवटी ‘_१’ असलेली ‘व्हीसीरनटाइम१४०_१’ ही २०१९ च्या आवृत्तीपासून आली, त्यामुळे जुनं पॅकेज असलेल्या पीसीवर तेवढी एकच फाइल नाही म्हणून बोंब होते. नवीन पॅकेज घातलं की विषय संपला.

खरा गुंता तिसऱ्या टप्प्याचा आहे: एकही एरर नाही, आणि हेडसेट रिकामा.

थोडं मागे जाऊन सांगतो. २०१६ च्या वसंतात ऑक्युलस रिफ्ट आणि एचटीसी व्हाइव्ह काही दिवसांच्या अंतराने बाजारात आले, तेव्हा दोघांचे रस्ते वेगळे होते. ऑक्युलसची, म्हणजे आजच्या मेटाची, स्वतःची लायब्ररी, आणि व्हाइव्हसाठी व्हॉल्व्ह कंपनीची ओपनव्हीआर. गेम करणाऱ्याला दोन्हीकडे वेगळं लिहावं लागायचं. मग क्रोनोस ग्रुप या उद्योगसंघाने ओपनएक्सआर हे सामाईक मानक आणलं, त्याची १.० आवृत्ती जुलै २०१९ ची आणि १.१ एप्रिल २०२४ ची. आज नवीन प्रोजेक्ट बहुतेक ओपनएक्सआरवर होतात. तुमच्या मुलांचाही तसाच असणार. पण स्टीमवरचे जुने गेम अजून ओपनव्हीआरवरच आहेत. तुमच्या कोड्याची किल्ली इथे आहे.

प्रोजेक्टबरोबर जी ‘ओपनएक्सआर_लोडर’ डीएलएल येते, किंवा जुन्या गेमबरोबर जी ‘ओपनव्हीआर_एपीआय’ डीएलएल येते, ती हेडसेट चालवत नाही. ती आपल्या मार्केट यार्डातल्या हळदीच्या अडत्यासारखी आहे: माल त्याचा नाही, पण कुणाचा माल कुठल्या गोदामात आहे ते त्याला विचारायचं. हेडसेट खरोखर चालवतं ते रनटाइम, म्हणजे मेटाचं सॉफ्टवेअर किंवा स्टीमव्हीआर. मेटाच्या रनटाइमची मुख्य फाइल ‘लिबओव्हीआरआरटी६४_१’, स्टीमव्हीआरची ‘व्हीआरक्लायंट_एक्स६४’. लोडर फक्त रनटाइमचा पत्ता शोधतो आणि काम त्याच्या हवाली करतो. आणि दोन लोडर तो पत्ता दोन वेगळ्या जागी शोधतात.

ओपनव्हीआरचा लोडर बघतो यूजरच्या अ‍ॅपडेटा, लोकल, ओपनव्हीआर या फोल्डरात. तिथे ‘ओपनव्हीआरपाथ्स’ नावाची लहानशी मजकुराची फाइल असते, तिच्यात ‘रनटाइम’ या शब्दापुढे स्टीमव्हीआरचा फोल्डर लिहिलेला असतो. नोटपॅडमध्ये उघडते, बघून घ्या. ओपनएक्सआरचा लोडर मात्र रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या सेटिंग्जच्या नोंदवहीत, बघतो: लोकल मशीन, सॉफ्टवेअर, क्रोनोस, ओपनएक्सआर, १, आणि तिथे ‘अ‍ॅक्टिव्हरनटाइम’ नावाची नोंद. तिच्यात एका जेसन (मजकुराच्या) फाइलीचा पत्ता असतो. स्टीमव्हीआर असेल तर ‘स्टीमएक्सआर_विन६४’, मेटा असेल तर ‘ऑक्युलस_ओपनएक्सआर_६४’.

म्हणून स्टीमचे गेम चालतात आणि मुलांचा प्रोजेक्ट चालत नाही, यात विरोधाभास काही नाही. एक पत्ता बरोबर आहे, दुसरा चुकलेला आहे. लॅबच्या त्या पीसीवर पूर्वी दुसऱ्या कंपनीचा हेडसेट किंवा वायरलेस स्ट्रीमिंगचं एखादं सॉफ्टवेअर घालून काढलं होतं का, हे लॅब असिस्टंटला विचारा. काढताना प्रोग्राम गेला आणि रजिस्ट्रीतला पत्ता तसाच राहिला, असं होतं. लोडर त्या पत्त्यावर जातो, तिथे कुणी नसतं, आणि युनिटी आरडाओरडा न करता मॉनिटरवर साधा प्रोजेक्ट दाखवत राहतं.

दुरुस्तीसाठी रजिस्ट्रीत हात घालायची गरज नाही. मेटाचं पीसीवरचं लिंकचं (हेडसेट पीसीला जोडणारं) अ‍ॅप उघडा, सेटिंग्जमध्ये जनरल, तिथे ओपनएक्सआर रनटाइम म्हणून मेटाला अ‍ॅक्टिव्ह करायचं बटण आहे. ते दाबायला अ‍ॅडमिनचा पासवर्ड लागेल, कारण लोकल मशीनखालची नोंद सगळ्या यूजरना लागू होते. त्याच पानावर ‘अननोन सोर्सेस’ असा एक खटका आहे, तोही चालू करा. मेटाच्या स्टोअरमधून न आलेला प्रोग्राम त्याशिवाय हेडसेटमध्ये जात नाही, आणि मुलांचा प्रोजेक्ट स्टोअरमधून आलेला नाहीच. मुलाच्या लॅपटॉपवर तो खटका आधीच चालू असेल, म्हणून तिथे कधी अडलं नाही. माझा अंदाज, निम्मी शक्यता इथेच आहे.

उरलेली शक्यता युनिटीतली. एक्सआर प्लगइन मॅनेजमेंटच्या पानावर वर दोन टॅब असतात, एक पीसीचा आणि एक अँड्रॉइडचा. क्वेस्ट हा मुळात अँड्रॉइडवर चालणारा हेडसेट, त्यामुळे मुलं अँड्रॉइडच्या टॅबमध्ये ओपनएक्सआरवर टिक करतात आणि पीसीच्या टॅबकडे बघतच नाहीत. अशाने विंडोजच्या बिल्डमध्ये ओपनएक्सआर लोडर येतच नाही. तपासायला युनिटी उघडायलाही नको. ‘डेटा’ फोल्डरात प्लगइन्स, त्यात एक्स८६_६४. तिथे ‘युनिटीओपनएक्सआर’ आणि ‘ओपनएक्सआर_लोडर’ या दोन डीएलएल दिसल्या पाहिजेत. दिसत नसतील तर पीसीच्या टॅबमध्ये टिक करून बिल्ड पुन्हा काढायचा. दुसऱ्या प्रोजेक्टमधून ती फाइल उचलून तिथे टाकू नका. प्रोजेक्टच्या आतच व्हीआर चालू करायची सूचना नसेल तर फाइल असून नसून सारखीच.

(तुम्ही म्हणाल, लॅपटॉपवर चालतो ना! तिथे तो बिल्डमधून चालतो की युनिटी एडिटरमध्ये प्ले दाबून, की थेट हेडसेटमध्ये अँड्रॉइड बिल्ड घालून, हे मुलाला समोर बसवून विचारा. ‘चालतो’ या एका शब्दात ही तिन्ही असू शकतात.)

अंदाजापेक्षा लॉग वाचलेला बरा. अ‍ॅपडेटामध्ये लोकललो, त्यात कंपनीचं नाव, मुलांनी बदललं नसेल तर ‘डिफॉल्टकंपनी’, त्यात प्रोजेक्टचं नाव, आणि आत ‘प्लेअर’ नावाची लॉग फाइल. प्रोजेक्ट एकदा चालवून बंद करा, ही फाइल नोटपॅडमध्ये उघडा आणि ‘ओपनएक्सआर’ हा शब्द शोधा. रनटाइम कुठला सापडला, लोडर मिळाला की नाही, हेडसेट तयार नव्हता का, हे तिथे इंग्रजीत स्पष्ट लिहिलेलं असतं. शब्दच सापडला नाही तर प्रश्न बिल्डमध्ये आहे, पीसीत नाही.

स्टीमव्हीआर वापरणाऱ्यांसाठी जाता जाता: तिथल्या एरर क्रमांकांवरूनच मालक कळतो. १०२ म्हणजे व्हीआरक्लायंट डीएलएल मिळाली नाही, स्टीमव्हीआरची फाइल गेली. स्टीममध्ये फायलींची तपासणी करायचं बटण आहे, ते दाबा. १०८ म्हणजे हेडसेटच दिसत नाही. इथे डीएलएल शोधत बसणं व्यर्थ, केबल आणि यूएसबी पोर्ट बघा. ११० म्हणजे ओपनव्हीआरपाथ्स ही पत्त्याची फाइल नाही.

हा ११० लॅबमध्ये फार भेटतो, कारण ती फाइल प्रत्येक यूजरच्या स्वतःच्या फोल्डरात असते. सरांच्या लॉगिनमध्ये स्टीमव्हीआर मस्त चालतं, विद्यार्थ्याच्या लॉगिनमध्ये उघडलं की ११०. त्या लॉगिनमध्ये स्टीमव्हीआर एकदा चालवलं की फाइल तयार होते. उन्हाळ्यात आपल्याकडे वीज कशी जाते ते तुम्हाला सांगायला नको. लिहिता लिहिता पीसी बंद पडला तर अशी बारकी फाइल रिकामी राहू शकते. आकार शून्य दिसला तर डिलीट करा आणि स्टीमव्हीआर पुन्हा चालवा. लॅबमध्ये यूपीएस नसेल तर प्राचार्यांकडे आधी तो मागा, दुसरा हेडसेट नंतर.

अँटिव्हायरसकडेही एकदा बघा. कॉलेजांमध्ये जे सगळीकडे एकदम घातलेलं असतं, ते सही नसलेली नवीन डीएलएल दिसली की गुपचूप क्वारंटाइनमध्ये टाकतं. ‘काल होती, आज नाही’ अशी तक्रार असेल तर बहुधा हेच. मालकाच्या फाइलीवर सही असते. फाइलीवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, डिजिटल सिग्नेचर्स. मेटा किंवा व्हॉल्व्हच्या रनटाइमच्या फाइलीवर कंपनीचं नाव दिसायला हवं. नाव कुणा तिसऱ्याचंच असेल किंवा तो टॅबच नसेल, तर ती फाइल कुठून आली ते विचारा. एक अपवाद माहीत असू द्या. ओपनकंपोझिट नावाचा एक मुक्त प्रकल्प आहे, तो मुद्दाम ओपनव्हीआर_एपीआय याच नावाची स्वतःची डीएलएल गेमच्या फोल्डरात ठेवतो, म्हणजे जुना गेम स्टीमव्हीआरशिवाय थेट ओपनएक्सआरवर चालतो. ते चालतं, हलकंही पडतं. पण लॅबच्या पीसीवर हे असलं करू नका. कुणी केलं हे पुढच्या माणसाला कळत नाही.

सहीवरून आठवलं. ७ मार्च २०१८ ला जगभरातले रिफ्ट हेडसेट एकाच दिवशी बंद पडले होते. हार्डवेअर ठणठणीत, फायली जागच्या जागी. ऑक्युलसच्या एका डीएलएलवरच्या सहीच्या प्रमाणपत्राची मुदत संपली, आणि सही करताना वेळेचा शिक्का मारायचा राहून गेला होता. तो असता तर मुदत संपल्यावरही सही ग्राह्य धरली गेली असती. विंडोजने फाइल नाकारली, रनटाइम सुरू होईना, आणि अपडेट उतरवणारा प्रोग्रामही त्याच दुखण्यात अडकलेला, त्यामुळे दुरुस्तीचा पॅच लोकांना हाताने उतरवून घालावा लागला. कंपनीने नंतर पंधरा डॉलरचं स्टोअर क्रेडिट दिलं. त्या दिवशी लोकांनी पीसी फॉरमॅट केले, विंडोज नव्याने घातली, तारीख मागे नेली. तारीख मागे नेणाऱ्यांचे हेडसेट चालले, हे मात्र खरं.

तुमच्या प्रश्नात नाही, पण लॅबसाठी आणखी हेडसेट घ्यायचा विचार आहे असं तुम्ही शेवटी लिहिलंय म्हणून सांगतो. वापरलेले विंडोज मिक्स्ड रिअ‍ॅलिटीचे हेडसेट सध्या स्वस्तात पुढे येतात, एचपी रिव्हर्ब जी२ वगैरे. काचा उत्तम आहेत. पण मायक्रोसॉफ्टने डिसेंबर २०२३ मध्ये ते व्यासपीठ बंद करत असल्याचं जाहीर केलं आणि विंडोज ११ च्या २४एच२ आवृत्तीतून त्याचा रनटाइमच काढून टाकला. इथे कुठलीही डीएलएल आणून टाकून तो परत येत नाही. विक्रेता ‘आमच्याकडे चालतो’ म्हणून दाखवत असेल तर त्याच्या पीसीवर विंडोजची आवृत्ती कुठली ते आधी बघा. लॅबचे पीसी आपोआप अपडेट होतात, तुमच्याकडे मायक्रोसॉफ्टच्या रनटाइमवर तो चालणार नाही.

शेवटी तुमच्या परीक्षेच्या दिवसाबद्दल. बाहेरचे परीक्षक येणार, अ‍ॅडमिन पासवर्ड ज्यांच्याकडे आहे ते सर रजेवर, आणि रनटाइमचा पत्ता पुन्हा कुणीतरी बदललेला, असं होऊ शकतं. त्यासाठी प्रोजेक्टच्या फोल्डरात एक बॅच फाइल (ओळीने आज्ञा चालवणारी मजकुराची फाइल) करून ठेवा, दोन ओळींची. पहिल्या ओळीत ‘सेट’ लिहून एक्सआर_रनटाइम_जेसन या नावापुढे बरोबरचं चिन्ह आणि मेटाच्या जेसन फाइलीचा पूर्ण पत्ता. ती फाइल मेटाच्या सॉफ्टवेअरच्या फोल्डरात, सपोर्ट आणि मग ऑक्युलस-रनटाइममध्ये सापडेल. पत्त्यात मोकळी जागा असली तरी त्याला अवतरणचिन्हं लावू नका, ती पत्त्याचाच भाग धरली जातात. दुसऱ्या ओळीत ईएक्सईचं नाव, आणि त्या नावात मोकळी जागा असेल तर मात्र अवतरणचिन्हं लावायची. या फाइलीवरून उघडलेल्या प्रोजेक्टपुरता लोडर रजिस्ट्रीकडे बघत नाही, थेट या पत्त्यावर जातो. फक्त मुलांना सांगून ठेवा, घाईत ‘रन अ‍ॅज अ‍ॅडमिनिस्ट्रेटर’ करू नका. तसं उघडलं की सुरक्षेसाठी लोडर ही ओळ वाचतच नाही.